बँडमास्तरांची सात काजं

काजाकडे कुणी बघत नाही. बटणाचं कौतुक होतं, कापडाचं होतं, फिटिंगचं तर विचारूच नका. पण बटण ज्या फटीतून जातं ती फट कुणी, किती वेळ बसून, किती टाके घालून बांधली, हे विचारणारं माणूस अजून मला भेटायचंय. आणि ही गोष्ट तर अशा बाईची आहे जिनं तेहतीस वर्षं त्या फटीखेरीज दुसरं काही म्हणजे काही केलं नाही.

दुकान कोटांचं आणि गणवेशांचं. पुढे काच, काचेत मुंडकं नसलेला एक पुतळा, मागे लांबलचक टेबल आणि टेबलापाशी मालक. कापायचं काम मालक स्वतः करत. त्यांच्या कात्रीला दुसऱ्या कुणी हात लावलेला त्यांना खपत नसे. मशीनवर जो होता त्याला सगळे रेडिओ म्हणत, कारण सकाळी शटर वर गेलं की तो सुरू व्हायचा आणि शटर खाली आलं की बंद. आणि खिडकीशी, चांगल्या उजेडात, एका स्टुलावर मावशी. नावानं तिला दुकानात कुणीच हाक मारत नसे. मालक 'बाई' म्हणत, बाकी सगळ्यांची ती मावशी.

एकोणिसाव्या वर्षी ती इथं शिवण शिकायला म्हणून आली. मालक तेव्हा तरुण होते. म्हणाले, "आधी काजं शिक. सहा महिने काजं, मग बाही, मग कॉलर, मग अख्खा कोट." झालं! सहा महिन्यांत तिचा हात असा काही बसला की मालकांनी तिला पुढे सरकूच दिलं नाही. दर वर्षी ती विचारायची, "आता बाही शिकू का?" आणि दर वर्षी मालक म्हणायचे, "बाई, बाह्या कुणीही लावेल. असं काज करणारं माणूस मला कुठून मिळायचं?" हे कौतुक आहे की शिक्षा, हे तिला कळेना. पुढे पुढे तिनं विचारायचंच सोडलं.

आता काजात असं काय आहे, असं तुम्हाला वाटेल. तर ऐका. काज हे कोटाचं सगळ्यात शेवटचं काम. कापून, शिवून, अस्तर लावून, इस्त्री होऊन कोट तिच्या मांडीवर येतो, आणि मग ती त्यावर छिन्नी ठेवून भोक पाडते. ते भोक केसभर इकडेतिकडे झालं तर आधीचं सगळं पाण्यात. शिवण उसवता येते, पाडलेलं भोक बुजवता येत नाही. मग कडेनं जाड दोरा ठेवायचा, त्यावरून मेण लावलेल्या दोऱ्यानं टाका टाक्याला चिकटून घालायचा, प्रत्येक टाक्याला एक गाठ, आणि गाठी सगळ्या एका रांगेत. दिवसाला अशी तीस. वर उसंत मिळाली तर उद्याची आज.

आणि एक नियम, जो या धंद्यातल्या माणसाला झोपेतून उठवून विचारला तरी सांगता येतो. पुरुषांच्या कोटाला काजं डाव्या पल्ल्यावर, म्हणजे पुढच्या डाव्या भागावर, बायकांच्या कोटाला उजव्या. उलट्या बाजूला काज पाडलं तर त्याच्याइतकी लाज दुसरी नाही. दुकानात एकदा एका नव्या कारागिरानं तसं केलं होतं. तो दुपारी डबा खायलासुद्धा थांबला नाही, तसाच निघून गेला.

तर अशी तेहतीस वर्षं. नवरा चांगला. बस डेपोत टायरमधली हवा तपासायचा. त्याचंही काम रोजचं तेच, पण त्याला त्याचं काही वाटत नसे. घरी आला की पाय धुवायचा, चहा प्यायचा आणि "आज चाळीस टायर" एवढं सांगून निवांत पेपर वाचायचा. मुलगा नोकरीनिमित्त परगावी. घरात भांडण नाही, तंटा नाही, सगळं कसं नीट. खुपणारं काही असेल तर धाकटी बहीण.

बहीण वाईट नव्हती हो. जिवाला जीव देणारी होती. पण तिनं आयुष्यात दहा उद्योग केले होते आणि दहाही उद्योगांच्या गोष्टी तिच्याकडे तयार असत. फुलांचं दुकान, मग सहली काढणं, मग नाचाचा क्लास, मग जुन्या फर्निचरला रंग. तिच्या पन्नासाव्या वाढदिवसाला पंधरावीस माणसं जेवायला होती. जेवता जेवता तिला लहर आली, तिनं फोन काढला आणि हिशेब करायला बसली. "ताई, दिवसाला तीस ना? वर्षाचे कामाचे दिवस किती धरू? बरं, गुणिले तेहतीस..." आणि मग टेबलावर हात आपटून ओरडली, "अगं बाई! ताई, तू दोन लाख सत्याऐंशी हजार भोकं पाडलीस!"

सगळे खो खो हसले. मावशीही हसली. हसता हसता हात धुवायला म्हणून आत गेली आणि नळ सोडून तशीच उभी राहिली.

त्या दिवसापासून तिच्या मनात भीती बसली. मरणाची नव्हे, आजाराचीही नव्हे. बसमध्ये बसल्यावर ती आठवायचा प्रयत्न करी, की मी चाळीस वर्षांची होते ते वर्ष कसं गेलं? काही आठवेना. पंचेचाळिसावं? तेही नाही. मुलाच्या शाळेचं काही, नवऱ्याच्या पायाचं हाड मोडलं ते, असं दोनचार सोडलं तर सगळी वर्षं एकमेकांत मिसळून गेली होती. मग तिला पुढचं दिसायचं. अशीच अजून आठदहा वर्षं जातील, एक दिवस डोळे साथ देणार नाहीत, मग मालक छानसा निरोप देतील, आणि आपल्या हातून एक अख्खी वस्तूसुद्धा झालेली नसेल. कुणी विचारलं, तुम्ही काय करता, तर ती "टेलरिंगमध्ये आहे" असं सांगायची. पण टेलरिंगमध्ये असून तिनं साधा एक कोट पहिल्यापासून शेवटपर्यंत शिवला नव्हता. हे तिला जितकं टोचायला लागलं, तितकं सुईनंही कधी टोचलं नव्हतं.

शेवटी एका सोमवारी ती टेबलापाशी जाऊन उभी राहिली. "मालक, मला एक अख्खा कोट करायचाय. कापण्यापासून."

मालकांनी चष्मा वर केला. "बरं वाटत नाही का?"

"छान वाटतंय. पण नाही म्हणालात तर मी उद्यापासून बहिणीकडे फर्निचर रंगवायला जाते. ती बोलावतेच आहे."

मालकांनी रेडिओकडे पाहिलं. रेडिओनं मशीन थांबवलं होतं, म्हणजे प्रकरण गंभीर होतं. मालक म्हणाले, "ठीक आहे. आता जो पुढचा कोट येईल तो तुमचा. मी फक्त बघेन. पण काही बिघडलं तर नाक दुकानाचं कापलं जाणार, एवढं लक्षात ठेवा."

पुढचा कोट गुरुवारी आला. सून हाताला धरून आणत होती, आणि म्हातारा तिचा हात झटकत होता.

हे बँडमास्तर. गावचा बँड त्यांनीच उभा केलेला. अठ्ठेचाळीस वर्षं त्यांनी तो नुसत्या डोळ्यांच्या धाकावर चालवला होता. त्यांचा एक नियम गावात प्रसिद्ध होता. वाजवायला उभं राहण्याआधी प्रत्येकानं कोटाची सातही बटणं, गळ्यापर्यंत, स्वतःच्या हातानं लावायची. एक बटण उघडं दिसलं की बँडमास्तर भर कार्यक्रमातून माणूस घरी पाठवत. "ज्याला स्वतःचं बटण लावता येत नाही, त्यानं वाद्याला हात लावू नये," हे त्यांचं वाक्य. आणि आता दोन वर्षांपूर्वी झटका येऊन त्यांचा उजवा हात गेलेला. नुसता लोंबत होता.

"पुढच्या शनिवारी बँडला पन्नास वर्षं होतायत," सून म्हणाली. "एक धून यांनी चालवायची, असं सगळ्यांचं म्हणणं आहे. बँड चालवायची काठी डाव्या हातात धरतील. फक्त कोटाला आतून चिकटपट्टी लावा आणि वर नुसती दाखवायला बटणं. मी घालून देईन."

"बटणं," बँडमास्तर म्हणाले. बोलणं थोडं जड झालं होतं, पण आवाजातली करवत तीच होती. "खरी बटणं. सात. आणि मी लावणार. स्टेजवर. सगळ्यांसमोर."

"बाबा, घरी दोन वर्षं तुम्हाला एक तरी..."

"त्याशिवाय मी काठी उचलणार नाही."

रेडिओ काही तरी गमतीचं बोलणार होता, पण बँडमास्तरांनी त्याच्याकडे नुसतं पाहिलं आणि तो पुन्हा मशीनवर वाकला. मालकांनी हळूच मावशीकडे बघितलं. म्हणजे, हा कोट नको असेल तर दुसरा देतो. मावशीनं टेप उचलली आणि मापं घ्यायला लागली.

शुक्रवारी तिनं कापड कापलं. मालकांची कात्री हातात घेण्याआधी तिनं हात रुमालाला पुसले, मग खडूच्या रेषेवरून कात्री सरळ चालवली. शनिवारी पाठ आणि पल्ले जोडले. तिला काय आनंद झाला म्हणून सांगू! दर तासाला काही तरी नवीन. कधी खिसा, कधी खांदा. रेडिओ बाजूनं सूचना देत होता, ती त्याला "तू तुझं बघ" म्हणून दटावत होती. घरी जाताना बसमध्ये ती स्वतःशी हसली, आणि शेजारच्या बाईनं थोडं सरकून घेतलं.

रविवारी दुपारी मात्र तिच्या डोक्यात ती बटणं शिरली. कपाटातून तिनं नवऱ्याचा कोट काढला, अंगात घातला, उजवा हात रुमालानं कमरेशी बांधला आणि एकट्या डाव्या हातानं बटण लावून बघितलं. जमेना. दुसरं बघितलं. जमेना. बटण उजव्या पल्ल्यावर, तिथवर डावा हात वाकडा होऊन जातो, काज डाव्या पल्ल्यावर, ते धरायला हातच उरत नाही. पंधरा मिनिटांत ती घामाघूम झाली.

नवरा पेपर खाली घेऊन बघत होता. "हात मोडला का?"

"गप्प बसा. तुम्ही या इकडे." तिनं त्याचाही उजवा हात बांधला. त्याच्यानं तर पहिलंच बटण होईना. त्यानं शेवटी दातांनी ओढून बघितलं आणि म्हणाला, "याच्यापेक्षा ट्रकचं टायर बदलणं सोपं."

मग तिनं स्वतःचा थंडीचा कोट काढला. बायकांचा, म्हणजे काजं उजव्या पल्ल्यावर. घातला, डाव्या हातानं बटण धरलं, आणि ते अर्धं आत गेलंसुद्धा! ती खुर्चीवर बसली. तेहतीस वर्षं ज्याला लाज म्हणत आलो, तेच या माणसाला लागणार आहे. पुरुषाचा कोट, आणि काजं उलटी.

पण अर्धंच गेलं होतं. पूर्ण जाईना. काजाची कड मऊ पडत होती, दुमडत होती. दुसरा हात असता तर त्यानं ती ताणून धरली असती. म्हणजे ती कड इतकी ताठ हवी की स्वतःच उभी राहील. बटणाची मान, म्हणजे बटण कापडापासून वर उचलणारा दोरा, नेहमीपेक्षा उंच हवी. आणि काज आडवं नको, किंचित तिरकं हवं, कारण अंगठा सरळ ढकलत नाही, चावी फिरवावी तसा फिरतो. तिनं चिंधीवर एक काज करून कोटाला पोटापाशी टाचलं. बटण गेलं! तेच छातीपाशी टाचलं, तर अडकलं. कारण हात जसजसा वर येतो तसतसा मनगटाचा कोन बदलतो. सात जागी सात कोन. सात काजं, आणि एकही दुसऱ्यासारखं नाही.

 इतकी वर्षं डोळे मिटूनसुद्धा अगदी एकसारखी काजं केली म्हणूनच तिला आता एका दोऱ्याइतका फरक मुद्दाम करता येणार होता. दुसऱ्या कुणाला हा फरक दिसलाही नसता. "अहो, हात पुढे करा," ती नवऱ्याला म्हणाली, आणि संध्याकाळपर्यंत त्या बिचाऱ्याला तिनं सोडलं नाही.

सोमवार आणि मंगळवार सकाळ बाहीत गेली. बाही लावणं म्हणजे काय प्रकरण असतं हे तिला आता कळलं. दोनदा लावली, दोनदा खांद्यावर चुण्या पडल्या, दोनदा उसवली. तिसऱ्यांदा मात्र अशी बसली की मालक टेबलाला वळसा घालून बघायला आले आणि काही न बोलता परत गेले. मालक काही बोलले नाहीत म्हणजे बाही उत्तम होती. मावशीला ती बाही घेऊन नाचावंसं वाटलं.

मग तिनं बोटांवर मोजलं. अजून एक बाही, कॉलर, अस्तर. तीन दिवस तर जातीलच. आणि चिंधीवर अजून तीन काजं जमलेली नव्हती, वरची, गळ्याजवळची, सगळ्यात अवघड. नंतर कोटावर सात, एकेक दोन दोन तासांचं. शुक्रवार संध्याकाळपर्यंत एक तर कोट पुरा तिचा होणार, नाही तर काजं नीट होणार. दोन्ही होणार नव्हतं.

दुसरी बाही तिच्या मांडीवर होती. तिला रडू येत होतं, आणि राग येत होता, कुणाचा ते कळत नव्हतं. अख्ख्या जन्मात एक कोट मागितला होता. मालक वचनाचे पक्के, आणखी एक कोट कदाचित देतीलही. पण तिची हिंमत? ती पुन्हा अशी गोळा होईल का, हे तिला माहीत नव्हतं. साधी काजं केली असती तर कुणी तिला नाव ठेवलं नसतं. कोट सुंदर झाला असता, सुनेनं बटणं लावली असती किंवा म्हातारा हट्टानं घरी बसला असता. तिच्या डोळ्यांसमोर तो लोंबता हात आला, आणि तो सुनेचा हात झटकणारा डावा हात आला.

ती उठली आणि बाही रेडिओच्या मशीनवर ठेवली. "ही तू लाव. कॉलर पण. अस्तर मालक लावतील."

रेडिओनं बाही उलटसुलट करून बघितली. मग म्हणाला, "मावशी, पण अख्खा कोट..."

"कळतंय मला. लाव म्हटलं ना."

मालकांना जेव्हा काजांची बाजू कळली तेव्हा ते ताडकन उभे राहिले. "बाई, उलटी? माझ्या दुकानातून? बँडमधली पन्नास माणसं हसतील!"

"हसू देत. त्यांना दोन हात आहेत."

"आणि बँडमास्तर? ते घालतील बायकी बाजूचा कोट?"

हे मात्र तिलाही माहीत नव्हतं. म्हणून बुधवारी ती स्वतः त्यांच्या घरी गेली. एका कापडी पट्टीवर सात काजं, दुसरीवर सात बटणं, दोन्ही त्यांच्या जुन्या कोटावर टाचली आणि कोट त्यांच्या खांद्यावर चढवला. बँडमास्तरांची नजर लगेच पडली.

"हे बायकांच्या बाजूला आहे."

"हो."

"चूक आहे."

"चूक नाही, मी मुद्दाम केलंय." तिला भीती वाटत होती, पण या विषयात तिला शिकवणारा अजून जन्माला यायचा होता. "मास्तर, तुमच्या बँडमध्ये डावखुरा ढोलवाला कधी आला नाही?"

"आला होता. एक."

"मग त्याचा ढोल कुठल्या बाजूला बांधलात?"

 सून दारातून बघत होती. मग बँडमास्तरांनी मान खाली घातली आणि डावा हात पट्टीकडे नेला. पहिलं बटण गेलं. दुसरं गेलं. तिसऱ्याला थांबले, मावशी म्हणाली, "ढकलू नका, अंगठा फिरवा." तेही गेलं. सहावं जमलं नाही, सातवंही नाही. पण पाच बटणं लावून म्हातारा जो बसला, त्याच्या नाकाचा शेंडा लाल झाला होता. "दोन वर्षांनी," एवढंच तो म्हणाला. मग लगेच खेकसला, "सहावं आणखी तिरकं करा!"

शनिवारी हॉल भरला होता. मावशी मागून तिसऱ्या रांगेत, एका बाजूला नवरा, दुसऱ्या बाजूला बहीण. मालक आणि रेडिओ चार खुर्च्या पलीकडे. स्टेजवर पन्नास जण वाद्यं घेऊन उभे, सातही बटणं लावलेली. बँडमास्तर काठी डाव्या हातात धरून आले, ती समोरच्या स्टँडवर ठेवली आणि मधोमध उभे राहिले. कोट अंगात, पल्ले उघडे. लोकांना वाटलं, कुणी तरी लावायचं विसरलं. एक कुजबुज झाली.

बँडमास्तरांनी डावा हात पोटाशी नेला आणि पहिलं बटण लावलं.

मग लोकांच्या लक्षात आलं. हॉल इतका शांत झाला की खुर्ची करकरली तरी माना वळत होत्या. दुसरं. तिसरं. बहिणीनं मावशीचं कोपर धरलं. "ताई, तो कोट..." "श्श!" चौथं. पाचवं. सहाव्याला त्यांचा हात दोनदा घसरला, तिसऱ्यांदा बटण आत गेलं. आता गळ्याचं. तिथं दिसत नाही, नुसतं बोटांनी शोधायचं. शोधलं, लावलं, सुटलं. पुन्हा सुटलं. त्यांच्या कपाळावर घाम चमकला. पुढच्या रांगेतला ट्रंपेटवाला, त्यांनीच शिकवलेला, राहवलं नाही म्हणून पुढे सरकला. बँडमास्तरांनी त्याच्याकडे पाहिलं. तो जागच्या जागी थिजला.

मावशीचा डावा अंगठा मांडीवर आपोआप फिरत होता. ते काज तिनं चार वेळा केलं होतं, तीन चिंध्या फेकून. त्याचा एकेक टाका तिला पाठ होता. कड ताठ आहे, तोंड खालच्या बाजूला आहे, फक्त खालून घ्या, खालून, असं ती मनात ओरडत होती, पण तोंडातून शब्द काढला नाही. स्वतःच्या हातानं म्हणजे स्वतःच्या हातानं.

म्हातारा थांबला.  बोटं खालून वर नेली, कडेला लावली, अंगठा फिरवला, आणि हात खाली घेतला. सातवं बटण लागलं होतं.

टाळ्या सुरू व्हायच्या आत त्यांनी काठी उचलली. आणि मग पन्नास जणांनी अशी काही धून वाजवली की मावशीच्या नवऱ्यानं, जो कुठल्याही कार्यक्रमात दहाव्या मिनिटाला पेंगतो, रुमाल काढून डोळे पुसले.

धून संपल्यावर कार्यक्रमाच्या प्रमुख पाहुण्यांनी स्टेजवर येऊन कोटाला हात लावून बघितला. शहाणा माणूस असावा, त्याला बाजू उलटी आहे हे दिसलं. "हे कुणाचं डोकं?" त्यानं माइकवर विचारलं. "कोट कुणी शिवला?"

मालक उभे राहिले. "आमच्या दुकानात. म्हणजे, कापला बाईंनी. एक बाही बाईंची, एक या आमच्या रेडिओची. कॉलरही याचीच. अस्तर मी..." आणि ते अडखळले, कारण असं बघायला गेलं तर तो कोट कुणा एकाचा नव्हताच. रेडिओ मावशीकडे बोट दाखवून बसल्या बसल्या हातवारे करत होता. सगळा हॉल वळून बघायला लागला.

बहीण कानाशी कुजबुजली, "ताई, सांग ना, मी शिवला म्हणून! निम्मा तर तूच केलास!"

मावशी उभी राहिली. आवाज निघाला तो थेट स्टेजपर्यंत गेला.

"काजं माझी आहेत," ती म्हणाली. "सातही. तेहतीस वर्षं मी काजंच करते."

आणि लोक टाळ्या वाजवत होते तोवर ती खाली बसली नाही.